कियोशी अत्सुमी आणि तोरा-सान: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जपानी अभिनेते कियोशी अत्सुमी यांच्याविषयी वाचक जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, ते येथे एकत्र केले आहेत. काही प्रश्न एखादाच चित्रपट पाहिलेल्यांचे आहेत, काही सगळी मालिका पाहून झालेल्यांचे. प्रत्येक उत्तर स्वतंत्रपणे वाचता येईल असे लिहिले आहे. जिथे एका उत्तराचा धागा दुसऱ्यात पुढे जातो, तिथे त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. कियोशी अत्सुमी कोण होते?

कियोशी अत्सुमी (१० मार्च १९२८ – ४ ऑगस्ट १९९६) हे जपानच्या रंगमंचावर, दूरचित्रवाणीवर आणि चित्रपटांत काम केलेले विनोदी अभिनेते होते. १९६९ ते १९९५ या सव्वीस वर्षांत त्यांनी ‘ओतोको वा त्सुराई यो’ या मालिकेच्या ४८ चित्रपटांत तोराजिरो कुरुमा, म्हणजेच ‘तोरा-सान’, ही एकच मध्यवर्ती भूमिका केली. मालिकेच्या नावाचा अर्थ ‘पुरुषाचं जगणं कठीणच’ असा होतो. परदेशी रसिकांना जपानी चित्रपट म्हटला की सामुराई आठवतात. सर्वसामान्य जपानी कुटुंबाला मात्र अनेक वर्षे नववर्षाच्या सुट्टीत चौकड्यांचा कोट घातलेला हा माणूस आठवत असे.

२. ‘अत्सुमी कियोशी’ बरोबर की ‘कियोशी अत्सुमी’? आणि हे त्यांचे खरे नाव आहे का?

जपानी रीतीने आडनाव आधी येते, त्यामुळे मूळ क्रम ‘अत्सुमी कियोशी’ असा आहे. या पानावर मराठी सवयीनुसार नाव आधी आणि आडनाव नंतर ठेवले आहे. हे नाव रंगमंचासाठी घेतलेले असून त्यांचे जन्मनाव यासुओ तादोकोरो होते.

३. तोरा-सान हे पात्र नेमके कोण आहे?

तोराजिरो कुरुमा हा तोक्योच्या पूर्व टोकाला, एदो नदीच्या काठी असलेल्या शिबामाता या जुन्या वस्तीतला. वडिलांशी भांडून तो किशोरवयातच घर सोडून जातो आणि वीस वर्षांनी परत उगवतो. पहिला चित्रपट तिथून सुरू होतो. आईवडील आता नाहीत. घरी काका-काकू आहेत, त्यांचे दांगो विकण्याचे छोटे दुकान आहे आणि साकुरा ही धाकटी सावत्र बहीण आहे. दांगो म्हणजे पिठाचे शिजवलेले लहान गोळे. मागच्या अंगाला छापखाना आहे. तिथला कामगार हिरोशी पुढे साकुराचा नवरा होतो.

तोरा गावोगावच्या जत्रांत किरकोळ वस्तू विकत हिंडतो. डोक्यावर हॅट, अंगात फिकट चौकड्यांचा कोट, पोटाला गुंडाळलेला लोकरी पट्टा, गळ्यात शिबामाताच्या देवळातला ताईत आणि हातात जुनी चामडी पेटी, एवढाच त्याचा संसार. तो बढाईखोर आहे, लगेच दुखावतो आणि दुसऱ्याचे दुःख पाहून त्याला राहवत नाही. तो कुणाच्या तरी प्रेमात पडतो, बहुतेक वेळा ते प्रेम फळाला येत नाही, आणि तो पुन्हा पेटी उचलून निघतो. नावापुढचा ‘सान’ हा आदरार्थी प्रत्यय आहे. आपल्याकडच्या ‘राव’सारखा तो आपुलकीनेही लावला जातो.

४. त्यांचे बालपण कसे गेले?

त्यांचा जन्म तोक्योच्या उएनो भागात झाला. वडील पूर्वी वृत्तपत्रात काम करत, आई लग्नापूर्वी प्राथमिक शाळेत शिक्षिका होती. तरीही घरात चणचण होती. मुलगा सतत आजारी असे, त्यामुळे शाळा वारंवार बुडे, आणि अंथरुणात पडल्या पडल्या रेडिओवर ऐकलेल्या गोष्टी आणि विनोदी कथने तो नंतर वर्गात करून दाखवी. १९४५ च्या हवाई हल्ल्यांत घर गेले. थोरला भाऊ तरुणपणीच वारला.

उएनो आणि आसपासच्या भागात रस्त्याच्या कडेला पथारी मांडून, यमकांच्या आणि कोट्यांच्या भरात माल खपवणारे विक्रेते या मुलाने मनापासून ऐकले होते. त्यांची पल्लेदार बोली त्याला पाठच झाली. पुढे या मालिकेचे दिग्दर्शक योजी यामादा यांच्यासमोर त्यांनी ती जशीच्या तशी म्हणून दाखवली, आणि तोरा-सान या पात्राचे बीज तिथेच पडले.

५. अभिनयाची सुरुवात कुठे झाली?

फिरत्या नाटक मंडळ्यांतून, आणि मग असाकुसातून. असाकुसा ही त्या काळी तोक्योची करमणुकीची पेठ होती. १९५३ मध्ये ते तिथल्या ‘फ्रान्स-झा’ या नाट्यगृहात दाखल झाले. तिथे मुख्य आकर्षण नग्ननृत्याचे असे आणि दोन नृत्यांच्या मध्ये विनोदी कलाकारांनी छोटी प्रहसने करायची असत. ज्या प्रेक्षकाला तुमच्यात काडीचाही रस नाही, त्याला हसवणे हे तिथले शिक्षण होते, आणि अनेक नामवंत विनोदवीर याच मुशीतून घडले.

नाव होऊ लागले तोच १९५४ मध्ये क्षयाने गाठले. साइतामा प्रांतातल्या रुग्णालयात सुमारे दोन वर्षे काढावी लागली आणि उजवे फुप्फुस काढून टाकावे लागले. असाकुसाचा विनोद धावपळीचा, धडपडण्याचा, उड्या मारण्याचा होता; एका फुप्फुसावर तो करणे शक्य नव्हते. परत आलेल्या अत्सुमींनी शब्दफेक, विराम आणि चेहरा यांवर भर दिला. तोरा-सानचे बसल्या जागी चालणारे, श्वास जोखून केलेले कथन (प्रश्न १० पाहा) या सक्तीतून आले असे मला वाटते, आणि हे चित्रपट पाहताना ती गोष्ट मनातून जात नाही.

६. दूरचित्रवाणीवर त्यांनी काय काम केले?

बरेच, आणि चित्रपटांतल्या यशाआधी. १९६१ मध्ये सुरू झालेल्या, एनएचके या जपानच्या सार्वजनिक वाहिनीवरच्या ‘युमे दे आइमाशो’ या शनिवार रात्रीच्या गाणी आणि प्रहसनांच्या कार्यक्रमाने ते घराघरांत पोचले. परदेशांत ‘सुकियाकी’ या नावाने गाजलेले क्यू साकामोतो यांचे गाणे याच कार्यक्रमातून लोकप्रिय झाले.

१९६६ ते १९६८ या काळात टीबीएस वाहिनीवर ‘नाइते तामारु का’ ही मालिका चालली. प्रत्येक भागात वेगळी कथा, वेगळे पात्र आणि त्या पात्राच्या वाट्याला आलेले हाल, असे तिचे स्वरूप होते. अत्सुमी तिच्या प्रमुख नटांपैकी होते. काही भागांत इतर नट मुख्य भूमिकेत असत. तिच्या शेवटच्या भागाचे नाव ‘ओतोको वा त्सुराई’ होते आणि त्याच्या लेखनात यामादा होते. ‘यो’ हे एक अक्षर जोडले की पुढच्या मालिकेचे नाव तयार होते.

७. तोरा-सान दूरचित्रवाणीवर मरण पावला होता, हे खरे आहे का? मग चित्रपटांत तो जिवंत कसा?

खरे आहे. ‘ओतोको वा त्सुराई यो’ आधी फुजी वाहिनीवर दूरचित्रवाणी मालिका म्हणून आली. ३ ऑक्टोबर १९६८ ते २७ मार्च १९६९ या काळात तिचे २६ भाग झाले. शेवटच्या भागात तोरा पैसे कमावण्यासाठी दक्षिणेच्या आमामी बेटावर विषारी हाबू साप पकडायला जातो आणि सर्पदंशाने मरतो. प्रक्षेपण संपताच वाहिनीकडे संतापलेल्या प्रेक्षकांच्या तक्रारींचा पाऊस पडला. लोक त्या माणसात इतके गुंतले होते हे पाहून यामादांना आपली चूक उमगली, आणि पडद्यावर त्याला पुन्हा जिवंत करायचे असे त्यांनी ठरवले. शोचिकू या चित्रपट कंपनीतल्या वरिष्ठांना टीव्हीवर संपलेल्या गोष्टीचा चित्रपट काढणे पटत नव्हते, तरी २७ ऑगस्ट १९६९ रोजी पहिला चित्रपट प्रदर्शित झाला.

चित्रपट मालिकेची कथा नव्याने सुरू होते, त्यामुळे सर्पदंशाचा भाग तिच्यात धरायचा नाही. कलाकारही काही बदलले: टीव्हीवर साकुराची भूमिका आइको नागायामा यांनी केली होती, चित्रपटांत ती चिएको बाइशो यांनी केली. टीव्ही मालिकेचे पहिला आणि शेवटचा असे दोनच भाग आज शिल्लक आहेत.

८. एकूण चित्रपट ४८, ४९ की ५०?

तिन्ही आकडे वापरात आहेत आणि प्रत्येकामागे कारण आहे. अत्सुमींनी जिवंतपणी काम केलेले चित्रपट ४८. १९९७ मध्ये, त्यांच्या निधनानंतर, २५ व्या चित्रपटाची नव्याने बांधलेली विशेष आवृत्ती आली. ती ४९ वी धरतात. २७ डिसेंबर २०१९ रोजी, मालिकेच्या पन्नासाव्या वर्षी, ५० वा चित्रपट आला. शेवटच्या दोहोंविषयी प्रश्न १८ पाहा.

सुरुवातीच्या घाईत १९७० या एका वर्षात तीन चित्रपट आले. मग वर्षाला दोन अशी घडी बसली: एक ऑगस्टच्या ओबोन सणाच्या सुमारास आणि एक नववर्षाच्या तोंडावर. ओबोन म्हणजे पितरांच्या स्मरणासाठी लोक आपापल्या गावी परततात तो सण. सतत घरी परतणाऱ्या माणसाच्या चित्रपटाला याहून योग्य वेळ नसेल. १९८६ च्या उन्हाळ्यात तोरा-सान आला नाही, कारण यामादा आणि हीच मंडळी शोचिकूच्या ओफुना स्टुडिओच्या पन्नाशीनिमित्त ‘किनेमा नो तेंची’ हा वेगळा चित्रपट करत होती. १९९० पासून वर्षाला एकच चित्रपट राहिला.

९. सर्व चित्रपट योजी यामादांनीच दिग्दर्शित केले का?

४८ पैकी ४६. तिसरा अझुमा मोरिसाकी यांनी आणि चौथा शुनिची कोबायाशी यांनी दिग्दर्शित केला; कोबायाशी मूळ टीव्ही मालिकेशी संबंधित होते. पाचव्यापासून यामादा परतले आणि शेवटपर्यंत राहिले. ज्या दोन चित्रपटांचे दिग्दर्शन त्यांनी केले नाही, त्यांच्याही लेखनात ते होतेच.

१०. प्रत्येक चित्रपटात तेच घडते. तरी लोक इतकी वर्षे का पाहत राहिले?

घरी येणे, भांडण, प्रेम, निरोप हा क्रम ठरलेला आहे. पण कीर्तनाला जाणाऱ्याला आख्यान ठाऊक असते आणि तरी तो बुवा ते कसे रंगवतात हे ऐकायला बसतो, तसे येथे आहे. कथानकाची काळजी मिटलेली असल्यामुळे प्रेक्षकाचे सगळे लक्ष माणसांच्या वागण्याकडे राहते. त्यासाठी १५ व्या चित्रपटातले (१९७५) दोन प्रसंग पाहावेत.

पहिला खरबुजाचा. घरी भेट म्हणून उंची खरबूज आलेले आहे. जपानमध्ये असे एक फळ म्हणजे चैनीची वस्तू. काकू ते कापते, हजर असलेल्यांना फोडी वाटल्या जातात, आणि तोरा नेमका बाहेरून येतो. त्याच्या वाटणीची फोड मोजलेलीच नाही. कुणीही मुद्दाम केलेले नाही, हेच त्याला अधिक लागते. अत्सुमी येथे एकदम ओरडत नाहीत. आधी साधी विचारपूस, मग टोमणा, मग आवाज एकेक पायरी चढत जातो, आणि शेवटी चाळिशी ओलांडलेला माणूस एका फोडीसाठी घर डोक्यावर घेतो. आपण हसतो, आणि हसतानाच कळते की ‘या घरात मला धरलेलेच नाही’ ही त्याची जुनी जखम आहे. त्या वेळी घरी आलेली लिली, तोराची जुनी मैत्रीण (प्रश्न १२ पाहा), त्याला सर्वांदेखत खडसावते. एकत्र कुटुंबात वाढलेल्या कुणालाही हा प्रसंग समजावून सांगावा लागत नाही.

दुसरा प्रसंग त्याच चित्रपटातला. लिली ही मिळेल तिथे गाणारी गायिका आहे. ती कसल्या सुमार ठिकाणी गाते हे पाहून तोरा खिन्न होऊन घरी येतो आणि सांगू लागतो: हातात पैसा असता तर मी तिला सर्वांत मोठ्या नाट्यगृहात गायला लावले असते. मग तो ते नाट्यगृहच उभे करतो. भरलेल्या खुर्च्या, मंदावणारे दिवे, पडदा, झगझगीत पोशाखातली लिली, पहिला सूर, प्रेक्षकांचे पाणावलेले डोळे. पडद्यावर यातले काहीही दाखवलेले नाही. चटईवर बसलेला एक माणूस, त्याचे हात आणि त्याचा आवाज, एवढेच आहे. अशा कथनांना मालिकेची मंडळी आणि रसिक ‘तोराची अरिया’ म्हणतात; अरिया म्हणजे ऑपेरातले एकट्याने गायचे गाणे. त्यांत अत्सुमींची सगळी कला एकवटलेली आहे.

११. तोरा-सान याकुझा आहे का?

नाही, पण शंका रास्त आहे. याकुझा म्हणजे जपानमधल्या संघटित गुन्हेगारी टोळ्यांतला माणूस. तो ‘तेकिया’ आहे, म्हणजे देवळांच्या जत्रांत दुकान मांडणारा फिरता विक्रेता. या धंद्याच्या स्वतःच्या टोळ्या, नातेबंध आणि ओळख करून देण्याचे ठरावीक संवाद असत, आणि त्यांची याकुझांच्या रीतींशी जवळीक होती. तोरा स्वतःची ओळख करून देताना जो आवेशपूर्ण संवाद म्हणतो, तो त्याच परंपरेतला आहे. १९६० च्या दशकात याकुझांचे करारी चित्रपट जोरात होते. तसाच आव आणणारा, पण बहिणीच्या डोळ्यांत पाणी दिसले की विरघळणारा हा नायक त्या वेळच्या प्रेक्षकाला म्हणूनच दुहेरी गमतीचा वाटला. तो शस्त्र बाळगत नाही आणि कुणाची पिळवणूक करत नाही.

१२. ‘मादोना’ म्हणजे काय? लिली इतकी वेगळी का मानतात?

प्रत्येक चित्रपटात तोरा जिच्या प्रेमात पडतो त्या नायिकेला ‘मादोना’ म्हणण्याची प्रथा आहे. त्या भूमिकेसाठी दर वेळी नामवंत अभिनेत्री निवडली जाई. सायुरी योशिनागा (९ वा आणि १३ वा चित्रपट) हे त्यांतले ठळक नाव. नेहमी तोरालाच नकार मिळतो असेही नाही. काही चित्रपटांत ती स्त्री त्याच्याकडे ओढली जाते आणि तोच कच खाऊन पळ काढतो.

रुरिको असाओका यांची लिली ११, १५, २५ आणि ४८ या चार चित्रपटांत येते. इतर नायिका स्थिर घरातल्या असतात. लिली तोरासारखीच भटकी आहे, त्याला तोडीस तोड बोलते आणि त्याची लबाडी तिला लगेच कळते. दोघे एकमेकांना इतके ओळखतात की लग्नाचा विषय निघाला की दोघेही तो थट्टेवारी नेतात.

१३. तोरा-सानशिवाय त्यांच्या कोणत्या भूमिका पाहाव्यात?

सर्वांत आधी योशितारो नोमुरा यांचा १९६३ चा ‘हाइकेई तेन्नो हेइका-सामा’. त्यात अत्सुमी निरक्षर, गरीब शिपायाच्या भूमिकेत आहेत. बाहेर उपासमार आहे आणि सैन्यात तीन वेळ जेवण मिळते, म्हणून त्याला सैन्यच स्वर्ग वाटतो, आणि आपल्याला येथेच राहू द्यावे असे पत्र तो थेट सम्राटांना लिहायला बसतो. युद्धाविषयी इतके कडू सत्य इतक्या निरागस चेहऱ्याने क्वचितच सांगितले गेले असेल.

सुसुमु हानी यांच्या १९६५ च्या ‘ब्वाना तोशी नो उता’साठी ते पूर्व आफ्रिकेत गेले (प्रश्न १५ पाहा). १९७२ मध्ये त्यांनी स्वतःच्या निर्मितीसंस्थेकडून तादाशी इमाई दिग्दर्शित ‘आ, कोए नाकी तोमो’ काढला. मेलेल्या साथीदारांची अखेरची पत्रे घरोघर पोचवणाऱ्या सैनिकाची ती कथा आहे. तोरा-सानच्या भर प्रसिद्धीत हा विषय त्यांनी निवडला, यावरून त्यांना काय करायचे होते ते कळते. १९७७ च्या ‘यात्सुहाकामुरा’त ते किंदाइची हा गुप्तहेर झाले आणि तो चित्रपट जोरात चालला. त्याच वर्षी यामादांच्या ‘शिआवासे नो कीइरोई हांकाची’त पोलीस अधिकाऱ्याची छोटी भूमिका त्यांनी केली. ‘किनेमा नो तेंची’त (१९८६) ते नायिकेचे वडील आहेत.

१४. एकच भूमिका करण्याचा त्यांचा विक्रम जगात सर्वांत मोठा आहे का?

१९८३ मध्ये गिनेसने ही मालिका एकाच नायकाची सर्वांत लांब चित्रपट मालिका म्हणून नोंदवली, आणि जपानमध्ये तो उल्लेख अभिमानाने होतो. तरी विधान जपून करावे. हाँगकाँगचे क्वान ताक-हिंग यांनी वाँग फेई-हुंग ही भूमिका ७० हून अधिक चित्रपटांत केली आहे. अत्सुमींच्या मालिकेचे वेगळेपण असे की सव्वीस वर्षे घर, बहीण, शेजार आणि बहुतांश कलाकार तेच राहिले, आणि ते सगळे प्रेक्षकांसमोर म्हातारे झाले. साकुराचा मुलगा मित्सुओ २७ व्या चित्रपटापासून हिदेताका योशिओका यांनी केला. तो मुलगा पडद्यावरच शाळकरी वयातून तरुण झाला.

१५. प्रत्यक्ष आयुष्यात ते तोरा-सानसारखेच होते का?

जवळजवळ उलट. तोराचे सगळे उघड्यावर चालते. अत्सुमींनी खासगी आयुष्याभोवती उंच भिंत बांधली होती. १९६९ मध्ये त्यांचे लग्न झाले, दोन मुले झाली, पण कुटुंबाला त्यांनी प्रसिद्धीपासून पूर्ण दूर ठेवले. चित्रीकरणानंतर गाडीने सोडायला आलेल्यांना ते घराच्या अलीकडेच थांबवत आणि तिथून चालत जात. वर्षानुवर्षे बरोबर काम करणाऱ्या कित्येकांनी त्यांचे घर पाहिले नव्हते. दाइकानयामा भागात एकटे राहण्यासाठी वेगळी सदनिकाही त्यांनी ठेवली होती. फुप्फुसाच्या शस्त्रक्रियेनंतर त्यांनी दारू आणि तंबाखू सोडली. इतरांची नाटके आणि चित्रपट ते गाजावाजा न करता जाऊन पाहत. आफ्रिकेचे त्यांना वेड होते आणि १९६५ च्या चित्रीकरणानंतर ते तिकडे पुन्हा पुन्हा गेले. तिथे त्यांना तोरा-सान म्हणून हाक मारणारे कुणी नव्हते.

अखेरच्या वर्षांत दूरचित्रवाणीसाठी बोलताना त्यांनी सुपरमॅनचे उदाहरण दिले होते. चित्रीकरण पाहायला आलेली मुले त्या नटाला ‘उड, उड’ म्हणत असतात. सुपरमॅनने जमिनीवर दोन पायांवर उभे राहिलेले चालत नाही, असा त्यांच्या बोलण्याचा आशय होता. ते बोलत होते तेव्हा कर्करोग शरीरात पसरलेला होता आणि रस्त्यावरचे लोक अजूनही तोरा-सानने हसून हात हलवावा म्हणून वाट पाहत होते. एका भूमिकेने नटाला गिळले असे या कारकिर्दीविषयी सहज म्हटले जाते. मला ते पटत नाही. त्या माणसाने पात्राला सांभाळायचे ठरवले होते आणि त्याची किंमत स्वतः मोजली.

१६. ते हायकू लिहीत, हे खरे का?

होय. ‘फूतेन’ या नावाने त्यांनी दोनशेहून अधिक हायकू लिहिले. फूतेन म्हणजे कामधंदा सोडून भटकणारा, आणि तोरालाही हेच विशेषण लावतात. हायकूच्या बैठकींना ते शांतपणे येत आणि आपली रचना ठेवून जात. भटक्या हायकू कवी सांतोका याच्यावरच्या दूरचित्रवाणी नाटकात त्यांनी काम करावे अशी योजना होती. ती जमली नाही आणि १९८९ मध्ये एनएचकेवर ती भूमिका फ्रँकी साकाई यांनी केली. या गोष्टीची हळहळ वाटल्याशिवाय राहत नाही.

१७. शेवटच्या चित्रपटांत ते थकलेले का दिसतात, आणि निधनाची बातमी उशिरा का आली?

१९९१ मध्ये यकृताचा कर्करोग आढळला आणि १९९४ पर्यंत तो फुप्फुसात पसरला. फुप्फुस आधीच एक उरले होते (प्रश्न ५ पाहा). ४७ व्या आणि ४८ व्या चित्रपटांत तोरा बराच वेळ बसलेला असतो, गळ्याशी कापड गुंडाळलेले असते, आणि कथेचा बराच भार मित्सुओने उचललेला आहे. ४८ व्या चित्रपटाच्या शेवटी तोरा भूकंपाने उद्ध्वस्त झालेल्या कोबे शहरात दिसतो. जानेवारी १९९५ चा भूकंप ताजा होता. त्याआधी तो आमामी समूहातल्या काकेरोमा बेटावर लिलीसोबत राहत असतो. टीव्हीवरच्या तोराला ज्या आमामीत मरण आले होते (प्रश्न ७ पाहा), तिथेच पडद्यावरच्या तोराला अखेर घरासारखे काहीतरी मिळाले.

४ ऑगस्ट १९९६ रोजी तोक्योत, ६८ व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. अंत्यविधी उरकल्यावरच जगाला कळवावे अशी त्यांनी घरच्यांना ताकीद दिली होती, म्हणून बातमी तीन दिवसांनी बाहेर आली. १३ ऑगस्टला ओफुना स्टुडिओत श्रद्धांजली सभा झाली तेव्हा कडक उन्हात हजारो लोक रांगेत उभे होते. त्याच वर्षी त्यांना मरणोत्तर ‘राष्ट्रीय लोकसन्मान पुरस्कार’ देण्यात आला. १९८४ मध्ये काझुओ हासेगावा यांना मिळाल्यानंतर हा मान मिळालेले ते दुसरे अभिनेते.

१८. २०१९ च्या चित्रपटात ते कसे दिसतात? दुसऱ्या नटाने भूमिका केली आहे का?

नाही. ‘ओकाएरी तोरा-सान’ या ५० व्या चित्रपटात जुन्या चित्रपटांतली दृश्ये नव्याने स्वच्छ करून आठवणींच्या रूपाने गुंफली आहेत. मित्सुओ आता कादंबरीकार आहे आणि मामाची आठवण काढतो. खरबुजाचा प्रसंगही त्यात पुन्हा येतो. १९९७ ची विशेष आवृत्तीही मित्सुओच्या आठवणींतूनच उलगडते.

अत्सुमींच्या निधनामुळे ४९ वा नियोजित चित्रपट राहून गेला. त्याजागी डिसेंबर १९९६ मध्ये यामादांनी तोशियुकी निशिदा यांना घेऊन ‘निजी ओ त्सुकामु ओतोको’ काढला आणि तो अत्सुमींना अर्पण केला. त्यात संगणकाच्या साहाय्याने तोरा-सान क्षणभर दिसतो. एनएचकेवरची २०१९ ची ‘शोनेन तोराजिरो’ ही तोराच्या बालपणावरची वेगळी मालिका आहे.

१९. शिबामाताला गेल्यावर काय पाहावे?

केइसेई रेल्वेच्या शिबामाता स्थानकाबाहेर पडताच तोरा-सानचा पुतळा आहे. तो पेटी घेऊन निघालेला आहे आणि मान वळवून मागे पाहतो आहे. हा पुतळा १९९९ चा. २०१७ मध्ये थोड्या अंतरावर साकुराचा पुतळा उभारला गेला, आणि आता त्याच्या वळलेल्या मानेला अर्थ आला. पुढे तायशाकुतेन देवळाकडे जाणाऱ्या गल्लीत दांगोची जुनी दुकाने आहेत. हिरवा, योमोगी नावाच्या पाल्याचा दांगो घ्यावा. नदीवर वल्ह्यांची यागिरीची नाव चालते. १९९७ मध्ये उघडलेल्या तोरा-सान स्मारक संग्रहालयात ओफुना स्टुडिओतल्या दुकानाचा खरा सेट आणून मांडला आहे. चित्रपटातल्या दुकानाचे नाव आधी ‘तोराया’ होते आणि ४० व्या चित्रपटापासून ‘कुरुमाया’ झाले, त्यामुळे दोन्ही पाट्या पाहून गोंधळू नये.

२०. सगळे चित्रपट पाहणे शक्य नाही. कुठून सुरुवात करावी?

पहिल्यापासून (१९६९), कारण साकुराचे लग्न त्यात आहे. मग लिलीचे ११, १५ आणि २५ हे क्रमाने, आणि ते पाहिल्याशिवाय ४८ वा उघडू नये. लिलीच्या बाहेर १७ वा (१९७६) आवर्जून पाहावा. त्यात किवाको ताइची गेइशाच्या भूमिकेत आहेत आणि जुकिची उनो वृद्ध चित्रकाराच्या. ४१ वा (१९८९) व्हिएन्नात घडतो, पण तो ओळख झाल्यावर पाहण्याचा आहे.

२१. पुण्यातल्या जपानी उद्यानाशी या मालिकेचा काही संबंध आहे का, असे कुणीतरी सांगितले. खरे का?

थेट संबंध नाही, पण एक धागा जुळतो. पुण्याचे पु. ल. देशपांडे उद्यान ‘पुणे-ओकायामा मैत्री उद्यान’ म्हणून ओळखले जाते, आणि त्या ओकायामा प्रांतात तोरा-सान तीनदा गेला आहे: ८ व्या (१९७१) आणि ३२ व्या (१९८३) चित्रपटांत ताकाहाशी या डोंगरातल्या गावी, आणि ४८ व्याचा काही भाग त्सुयामा येथे घडतो.

आठव्या चित्रपटात ताकाहाशी हे साकुराच्या सासऱ्यांचे गाव आहे. ती भूमिका कुरोसावांच्या चित्रपटांतून आपल्या ओळखीचे झालेले ताकाशी शिमुरा यांनी केली आहे. हा विधुर प्राध्यापक तोराला दहा वर्षांपूर्वीच्या एका प्रवासातली संध्याकाळ सांगतो: एक शेतघर, अंगणात फुललेली रिंदोची निळी फुले, आत दिव्याचा उजेड, आणि जेवायला एकत्र बसलेले कुटुंब. माणसाचे खरे जगणे ते, असे तो म्हणतो. तोरा ऐकत राहतो, काही बोलत नाही. मग शिबामाताला परतून, काका-काकूंसमोर, तो तीच संध्याकाळ स्वतःची म्हणून सांगू लागतो. फुले, दिवा आणि जेवणारी माणसे यांतले एकही न गाळता.